अर्ध्या घराची वास्तुशांती

धाड!

"कोनाची हाय बे हे भिंत?"

भाऊचा दिवस असा उजाडायचा. दात घासायच्या आधी तो आपल्या हॉलच्या भिंतीवर एक बुक्की हाणायचा आणि भिंतीलाच हा सवाल करायचा. भिंत आमची सामायिक. तिकडे त्याचा हॉल, इकडे आमचं स्वयंपाकघर. त्यामुळे सवाल भिंतीला असला तरी पहिला जबाब आमच्या भांड्यांना द्यावा लागायचा. एकदा बुक्की अशी बसली की आमच्या कुकरचं झाकण उघडलं, वरण उसळलं आणि थेट माझ्या ताटातल्या भातावर येऊन पडलं. तूप तेवढं बायकोनं हातानं वाढलं. खोटं वाटत असेल तर कोणालाही विचारा. फक्त माझ्या बायकोला विचारू नका, ती कधीच माझ्या बाजूनं बोलत नाही.

"बँकेची!" जबाब शेवटी भाऊ स्वतःच द्यायचा. मग दुसरी बुक्की. "पन हप्ता तोच हाय!"

कोरपन्याच्या बाजूला, सिमेंट कारखान्यांच्या धुरळ्यात प्लॉट पाडून वसवलेलं आमचं लेआउट. चुनखडीच्या खाणीत भाऊ सुरुंग उडवायचा. आयुष्यभर डोंगर फोडणाऱ्या माणसाला हळू बोलणं, हळू दार लावणं, हळू शिंकणं जमत नाही. शिंक येणार असं वाटलं की भाऊ आधी हात वर करून "हटोऽऽ!" अशी आरोळी ठोकायचा. लेआउटमधल्या बायका दोरीवरची धुणी काढून घ्यायच्या. मग शिंक यायची. समोरच्या मास्तरांच्या चष्म्याला तडा गेला तो त्याच शिंकेनं, असं मास्तर शेवटपर्यंत सांगायचे.

तुमच्याही वस्तीत असा एखादा असेलच. ज्याच्या फाटकासमोरून जाताना कुत्रीसुद्धा श्वास रोखून जातात. बाजारात एका सांडानं वहिनींच्या पिशवीतली मेथी ओढली, तेव्हा भाऊनं त्या सांडाच्या कानशिलात लगावली होती. सांड आधी बसला, मग विचार करत राहिला. पुढे तो बाजारात यायचा, नाही असं नाही. पण डाव्या बाजूनं यायचा आणि मेथीवालीकडे बघायचासुद्धा नाही.

असा हा माणूस घाबरायचा ते एकाच गोष्टीला. रिटायर होऊन क्वार्टर सोडायला. त्याच्या बापानंही खाणीतच जन्म काढला होता. शेवटच्या दिवशी कंपनीनं क्वार्टरची चावी मागितली, तर म्हाताऱ्यानं चावी दिली, पण अंगणात स्वतः लावलेलं पेरूचं झाड मुळासकट उपटलं आणि खांद्यावर टाकून निघाला. चौदा-पंधरा वर्षांचा भाऊ मागून पेरू वेचत चालला होता. "माह्या बापानं झाड कुठी लावलं, माहीत हाय?" भाऊ विचारायचा. "कुठीच नाई. जागाच नोती. रस्त्याच्या कडीले ठेवून देल्लं."

म्हणून त्यानं घर बांधलं, कर्ज काढून. माझं आणि त्याचं कर्ज एकाच दिवशी, एकाच टेबलावर झालं. मी पन्नास प्रश्न विचारले आणि एकाचंही उत्तर मला कळलं नाही. भाऊनं एकच प्रश्न विचारला. "साहेब, हप्ता वाढन का?" साहेब म्हणाले, "हप्ता तोच राहील." भाऊ इतका खूश झाला की त्यानं साहेबांच्या पाठीत थाप मारली. ते साहेब पुढे बदली होऊन गेले, पण जाईपर्यंत जरा पुढे वाकूनच चालत होते.

"ज्या दिवशी मी रिटायर होईन ना," भाऊ मला म्हणाला, "त्या दिवशी या भिंतीले इचारीन, कोनाची हाय? आन् भिंत म्हनन, तुही!"

मधे व्याजाचे दर वाढले. कारखान्याच्या कँटीनमध्ये तेवढंच बोलणं चाललं होतं. मी घाबरून भाऊकडे गेलो. तो ओट्यावर बसून मोबाइलनं सुपारी फोडत होता. मोबाइलचा त्याला तेवढाच उपयोग होता.

"भाऊ, दर वाढले म्हणे."

"हप्ता वाढला का?"

"नाही."

"तोच हाय ना? मंग काऊन मरून राह्यला बे?" आणि सुपारीवर मोबाइल असा आदळला की त्यात आलेला मेसेज, कोणाचा का असेना, जागीच गतप्राण झाला.

कर्ज वीस वर्षांचं. दहा वर्षं झाली त्या दिवशी भाऊनं जाहीर केलं की अर्धं घर आपलं झालं आणि अर्ध्या घराची वास्तुशांती करायची. हिशोब खाणीतला होता. निम्मे दिवस खणलं की निम्मा डोंगर उतरतो. त्यानं गेरू कालवला आणि फाटकापासून मागच्या न्हाणीपर्यंत घराच्या बरोबर मधून एक लाल रेघ ओढली. रेघेच्या या अंगाला आपलं, त्या अंगाला बँकेचं. टीव्ही आपल्या अंगाला घेतला. देव आपल्या अंगाला घेतले. ब्रह्मपुरीहून आलेल्या सासूची खाट मात्र रेघेच्या पलीकडे टाकली. "बुढीले बँक सांभाळन," म्हणाला.

बोकड कापला. बोकड एवढा मोठा होता की पहिल्यांदा पाहिला तेव्हा मी त्याला नमस्कारच केला. तीन मोठाले गंज भरून रस्सा. खाणीतली सगळी पाळी जेवायला. भाऊनं बँकेच्या नव्या साहेबांनाही बोलावलं होतं. साहेब नागपूरकडचे, तिशीतले, गोरेगोमटे, रस्सा बघूनच घाम फुटलेला. भाऊनं त्यांना रेघेपलीकडे पाट मांडला.

"बसा साहेब, तुमच्या घरात बसा."

साहेब हसले. दोन वाट्या रस्सा पोटात गेल्यावर त्यांचं नाक वाहायला लागलं आणि जीभ सुटली.

"काका, एक सांगू? रेघ इथे नाही येणार."

"मंग कुठी येईन?"

साहेबांनी हातातली बोकडाची नळी मागच्या अंगाला फिरवली. "तिकडे. संडास, जिना. आणि फार फार तर स्वयंपाकाचा ओटा. तेवढंच तुमचं झालंय."

पंगत थांबली. नळी चोखणारे चोखायचे थांबले.

"दहा वर्षात एक हप्ता चुकलो का मी?"

"एकही नाही. पण सुरुवातीच्या हप्त्यातलं बहुतेक सगळं व्याजात जातं ना. उरलंसुरलं मुद्दलात. आधी आमचं, मग तुमचं."

"पन हप्ता तोच हाय ना?"

"हप्ता तोच आहे. मधे दर वाढले, तेव्हा आम्ही हप्ता तोच ठेवला आणि वर्षं वाढवली. आता तुम्ही रिटायर झाल्यावरही पाच-सहा वर्षं चालेल."

"कोनाले इचारून?"

"मेसेज येतो, काका."

भाऊनं खिशातल्या मोबाइलकडे पाहिलं. त्याच्या काचेवर सुपारीचा चुरा होता.

"समदं धरून किती देईन मी?"

"समदं धरलं तर..." साहेबांनी उगाच गंमत करायची म्हणून गंमत केली. "राहता एका घरात, पैसे भराल अडीच घरांचे."

भाऊ सावकाश उठला. "मंग बाकीचं दीड घर कुठी हाय?" त्यानं विचारलं. "दाखवा मले."

साहेबांनी नळी खाली ठेवली. त्यांना उशिरा का होईना, अंदाज आला.

पुढं जे झालं ते मी पाहिलं तसंच सांगतो, म्हणजे थोडं कमी करूनच सांगतो. भाऊनं पाट उचलला आणि भिंतीवर आपटला. पाटाच्या झालेल्या काड्या आम्ही पुढं वर्षभर चूल पेटवायला वापरल्या. मग तो मागं गेला आणि घण घेऊन आला. हा घण दोन माणसांनी उचलायचा. भाऊ तो एका हातात घेऊन घरभर साहेबांना शोधत होता आणि साहेब घरभर भाऊला चुकवत होते. हॉलमधून ओसरीत, ओसरीतून अंगणात, साहेबांच्या एका पायात मोजा, दुसऱ्यात तोही नाही. पंगतीतली माणसं बाजूला होत होती, पण ताट हातात धरून. खाणीतली माणसं, स्फोटात जेवायची सवय.

भाऊच्या फाटकाच्या दोन खांबांवर सिमेंटचे दोन वाघ होते. हौसेनं बसवलेले, पिवळ्या रंगाचे. साहेब जीव घेऊन पळाले ते सरळ डावीकडच्या खांबावर चढून वाघाच्या पाठीवर बसले आणि वाघाच्या गळ्याला त्यांनी मिठी मारली. खऱ्या वाघाला कोणी एवढ्या विश्वासानं मिठी मारली नसेल.

"हे तुमचं हाय ना?" भाऊ गरजला. "हे बँकेचं? मंग घेऊन जा! आत्ताच्या आत्ता घेऊन जा!"

आणि उजवीकडच्या वाघावर घण. एकच. वाघाचं मुंडकं उडालं, रस्ता ओलांडून मास्तरांच्या अंगणात तुळशीपाशी जाऊन बसलं. दुसरा घाव ओसरीच्या खांबावर. सिमेंटचा धुरळा उठला, आतून सळया दिसायला लागल्या. सासूबाई खाटेवरून ओरडल्या, पण त्या बँकेच्या अंगाला होत्या, त्यांचं कोणी ऐकलं नाही. मग भाऊ वळला डावीकडच्या वाघाकडे. घण डोक्यावर गेला. खाली वाघ, वाघावर साहेब. आता वाघ फुटणार की साहेब, एवढाच प्रश्न उरला होता. मी धावलो. धावलो म्हणजे दोन पावलं धावलो आणि मग घणाकडे बघून उभा राहिलो.

तेवढ्यात गंजापाशी बसलेल्या वहिनी उठल्या. हातातला पळा तसाच. वहिनी आवाज चढवत नसत. घरात एकाचा आवाज पुरेसा होता. त्या भाऊच्या समोर येऊन उभ्या राहिल्या.

"फोडा," म्हणाल्या. "साहेबालेबी फोडा. पन पडलेल्या घराचाबी हप्ता तोच येते."

भाऊचे हात वरच राहिले. दहा वर्षं रोज सकाळी भिंतीला ऐकवलेले त्याचेच शब्द होते ते. घण हळूहळू खाली आला. मातीवर टेकला तेव्हा आवाजसुद्धा झाला नाही. भाऊ ओसरीच्या पायरीवर बसला आणि मान वर करून वाघावरच्या साहेबांना म्हणाला, "साहेब, हे मुद्दल राह्यते कुठी?"

साहेबांचे दात वाजत होते. "ख... खाली. सगळ्यात खाली. व्याज त्याच्यावर वाढतं. मुद्दल आहे तोवर व्याज आहे."

"खाली?"

"हो काका. मधेमधे जास्तीची रक्कम भरली, तर ती सरळ मुद्दलात जाते. जेवढी लवकर भराल तेवढी पुढची वर्षं गळतात."

भाऊनं सळयांकडे पाहिलं. मग त्यानं कपाळावर हात मारून घेतला. साध्या माणसाच्या कपाळाला झेपला नसता असा.

"दहा वर्षं डोंगराच्या टकुऱ्यावर दगडं मारून राह्यलो ना बाप्पा! डोंगर पाडाचा तं बुडात सुरुंग लावा लागते. हे मले शिकवाले बँकेचा मानूस वाघावर बसा लागला." आणि मग एकदम, "उतरा साहेब. रस्सा थंडा होऊन राह्यला."

साहेब उतरले. जेवले. दुसऱ्यांदा रस्साही घेतला. माणसाच्या जिवावरचं टळलं की त्याला भूक लागते.

दुसऱ्या दिवशी भाऊनं मधली रेघ घासून पुसली आणि साहेबांनी नळीनं दाखवली होती तिथं नवी ओढली. त्या दिवसापासून भाऊ चिडला की संडासात जाऊन कडी लावायचा आणि आतून ओरडायचा, "मी माह्या घरात बसून हाओ! कोनी आवाज नाई द्याचा!"

पण चिडून बसणारा माणूस नव्हता तो. त्याची सगळी मारामारी आता एका ठिकाणी गोळा झाली. दिवाळीचा बोनस मिळाला की घरी न येता थेट बँकेत. काउंटरवर नोटांचं पुडकं असं आदळायचा की रांगेतल्या माणसांची टोकनं हातातून उडायची. "मुद्दलात टाका! हप्ता कमी करू नोका. हप्ता तोच ठेवा, वर्षं कापा! कापा म्हन्तो ना!" साहेब मुकाट्यानं वर्षं कापून द्यायचे. एका डोळ्यानं काउंटरखाली मोजे बघायचे, आहेत ना पायात.

मुंडकं नसलेला वाघ तसाच राहिला. मास्तरांनी मुंडकं परत आणून दिलं होतं, मिस्त्रीसुद्धा बसवून द्यायला तयार होता. भाऊ म्हणाला, "त्याचे पैसे मुद्दलात गेले. वाघ काई बोलत नाई, त्याले कायले पाह्यजे तोंड?"

लेआउटमध्ये कोणी काही नवं घेतलं की भाऊ दारात हजर. "मुद्दलावर मारलं का काई?" मी हप्त्यावर फटफटी घेतली, ती त्यानं उचलून माझ्या अंगणातल्या कडुनिंबाला टांगली. दोन दिवस लटकत होती. चिमण्यांनी हँडलवर काड्या आणायला सुरुवात केली, तेव्हा कुठं त्यानं काढून दिली. "तू कर्जावर कर्ज चढवून राह्यला, बह्याड! तुही भिंत कोनाची होईन मंग?"

दरवर्षी दिवाळीत रेघ पुढं सरकायची. ओटा झाला, स्वयंपाकघर झालं. मागची खोली झाली त्या वर्षी सासूबाई बँकेतून सुटल्या. आमच्या दोघांमधली भिंत सगळ्यात पुढं, हॉलची. ती शेवटी येणार होती.

रेघ फुकट सरकत नव्हती. बोनसनं भागेना तेव्हा भाऊनं जादा पाळ्या धरल्या. सुट्टीवर गेलेल्या माणसाचा सुरुंगही तोच उडवायचा. भाऊला नाटकाचं भयंकर वेड. सासुरवाडीला दिवाळीनंतर मंडईच्या जत्रेत झाडीपट्टीची नाटकं लागली की तो पहिल्या रांगेत बसायचा आणि खलनायक आला की चप्पल काढून हातात घ्यायचा. एका कंपनीनं म्हणे भाऊ आलाय कळल्यावर खलनायकाच्या सदऱ्याआड उशी बांधली होती. ते नाटक सुटलं. "वाघ, नाटक, बोकड, समदं मुद्दलात गेलं," हसत सांगायचा. कापूस कोंबायलाही विसरायचा कानात, एवढी घाई. आधी उजवा कान गेला. मग तो जास्तच ओरडायला लागला, आणि आम्हाला वाटलं, भाऊ आता जास्त चिडतो.

शेवटची रक्कम भरली ती रिटायर व्हायच्या महिनाभर आधी. बँकेतून आला तो गेरूचा डबा घेऊन. रेघ फाटकाबाहेर नेली, रस्त्यावर सोडून दिली, आणि डबा गटारात फेकला. आम्ही सगळे ओसरीत जमलो होतो. भाऊ हॉलमध्ये गेला. मी पळत माझ्या स्वयंपाकघरात आलो. ही बुक्की मला माझ्या अंगाकडून ऐकायची होती.

धाड!

सगळे डबे खाली आले. बायकोनं डोक्यावर ताट धरलं. माझ्या शपथेवर सांगतो, शेजारच्या गल्लीतली कोंबडी त्या दिवशी अवेळी अंडं घालून मोकळी झाली.

"कोनाची हाय बे हे भिंत?"

आम्ही सगळे इकडून तिकडून ओरडलो, "तुही! भाऊ, तुही!"

मग भिंतीपलीकडून भाऊचा आवाज आला. मला वाटतं मला उद्देशूनच असावा.

"काऊन बे? आवाज आला का?"

"आला भाऊ!"

"मोठा आला?"

मी गळा फाडून ओरडलो, "लय मोठा!" पण त्याला तेही पोचलं नसावं. वहिनींनी हातानं खूण केली असावी, कारण त्यानं नंतर म्हटलं, "आला म्हन्ते का? बरं. हाताले तं लागली."

त्याच थंडीत तो वहिनींना घेऊन ब्रह्मपुरीला गेला. नाटकाला. पहिली रांग. परत आल्यावर मी विचारलं, हातवारे करून, कसं होतं म्हणून.

"मस्त!" भाऊ म्हणाला. "काईच आयकू नाई आलं. लोक हासले का मी हासो. इलन कोनता हाय तेच नाई समजलं, तं चप्पल मारू कोनाले?" आणि खदाखदा हसला. मग पायातल्या चपलेकडे बघत राहिला.

फेब्रुवारीत, एका सकाळी, बुक्की आली नाही. मी ताट घेऊन बसलो होतो. वरण कुकरमध्येच होतं. अर्धा तास वाट पाहिली. आयुष्यात भाऊनं एकच गोष्ट आवाज न करता केली, आणि ती झोपेत केली. न्यायला आलेल्या खाणीतल्या माणसांनी फाटकाबाहेर पडताना तिरडी क्षणभर थांबवली, त्या मुंडकं नसलेल्या वाघापाशी. कोणी सांगितलं नव्हतं.

नंतर आमच्या मांडणीवरच्या डब्यांवर धूळ साचायला लागली. हलत नसत ना आता. बायको रोज पुसायची आणि पुसताना भिंतीकडे बघायची.

परवा सकाळी मी जेवायला बसलो होतो. पलीकडून आवाज आला. धप. भाऊच्या मानानं काहीच नाही. लाटणं असावं, नाहीतर नुसता तळवा. मग वहिनींचा आवाज, तसाच, न चढवलेला.

"भाऊजी, कोनाची हाय हो हे भिंत?"

मी घास खाली ठेवला. फटफटी कधीच विकली होती, बोनस दोन वर्षं मुद्दलात घातला होता, तरी माझी रेघ अजून स्वयंपाकघराच्या उंबऱ्यापर्यंतच आली होती. भिंतीला हात लावून म्हणालो, "तिकडून तुमची, वहिनी. इकडून बँकेची."

मग लाटण्याचा एक घाव आला. आधीपेक्षा जोरात.

"मंग हाना ना बुडात!"

मांडणीवरचा एक डबा हलला. एवढासा. यात मी काहीही वाढवून सांगत नाही.